नदीतली तिसरी बाई

आमची सना, म्हणजे माझ्या धाकट्या मुलाची मुलगी, लंडनच्या कुठल्याशा कॉलेजाचं शिक्षण घरबसल्या घेते. तिला तिच्या मास्तरणीने एक प्रोजेक्ट दिलंय. फिलिपिनो लोकांच्या चावट पिक्चरांचा इतिहास. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला वाटलं आपले कान गेले. किल्ल्यांचा इतिहास असतो, राजांचा असतो. उकिरड्याचा कसला इतिहास? वरचा कचरा आजचा, खालचा कालचा, एवढंच. पण पोरीने चाळीस पानं लिहिलीत, त्यात रंगीत तक्ते आहेत, आणि जी चित्रं बघताना आमच्या वेळची माणसं दाराला कडी लावत ती तिच्या लॅपटॉपवर जेवणाच्या टेबलाशी उघडी असतात. मुलगा आणि सून 'व्हेरी इंटरेस्टिंग' म्हणतात. मला म्हणाली, "दादा, यू वर्क्ड इन अ व्हिडिओ शॉप, राइट? सो यू आर माय प्रायमरी सोर्स." म्हटलं, सोर्स म्हणजे काय गं? तर म्हणाली, विटनेस. साक्षीदार! जन्मात एकदाच मला साक्षीला उभं केलं होतं, आणि तेव्हा मी काय केलं ते या पोरीला मी सांगितलं नाही. इथे लिहितो. तिला मराठी वाचता येत नाही, हे एक बरं आहे.

अठरा पुरे होता होता मी अबुधाबीला आलो. शिक्षण तिसरी, तीही मास्तरांनी दया म्हणून पुढे ढकललेली. इस्माईल मामूचं व्हिडिओ कॅसेटचं दुकान होतं, बाजाराच्या मागच्या गल्लीत, आणि दुकानाच्या पाठीला लागून दोन खोल्या. घरात जायचं तर दुकानातूनच जावं लागे. मागे एक दार होतं, पण ते मामीचं, बायकांसाठीचं. पहिल्या खोलीत भिंतीला लावून सहा मशीनं. दिवसभर त्यांची घरघर. एका कॅसेटवरून दुसरीवर पिक्चर उतरवायचं ते काम. त्या आवाजाची मला इतकी सवय झाली की कुठल्या मशीनची पट्टी संपत आली ते मी जेवता जेवता सांगत असे. खिडकीतला एसी खोकत असे, मशिदीतून अजान येत असे, आणि मशीनच्या पडद्यावर कुणीतरी कुणालातरी गोळ्या घालत असे. सगळं एकाच वेळी. त्यातच जैनब मामी तांदळाच्या भाकरी थापायची. तिच्या भाकरीचा थापका मला अजून ऐकू येतो. आता सून पाकिटातली रोटी गरम करते. तिला आवाजच नसतो, आणि चवही नसते.

मामू पाच वेळचा नमाजी. हातात तसबीह, मणी ओढत बसलेला. आणि फळीच्या मागे एक फळी, तिच्यावर निळी चिकटपट्टी लावलेल्या कॅसेटी. त्यांना तो 'स्पेशल' म्हणायचा. गिऱ्हाईक काउंटरवर दोन बोटं वाजवी, मामू मणी न थांबवता मला हनुवटीने खूण करी. एकदा मी विचारलं, मामू, हे बरोबर आहे काय? म्हणाला, "मी बघत नाही रे हसन, मी फक्त देतो." विष विकणारा म्हणतो मी चाखत नाही! त्याच्या त्या बोलण्याची मला आजही शिसारी येते. मी बघत असे. खोटं लिहायला मी काही मामू नाही.

त्या निळ्या पट्टीच्या कॅसेटी बहुतेक फिलिपिनो. त्या आणणारा आणि उतरवणारा रोमी, आमचा मशीनवाला. मनिलाचा. बुटका, सदा हसरा, केसांना तेल. आमच्या घरात राहायचा नाही पण जेवायचा आमच्यात. पहिल्या आठवड्यात त्याने आपल्या खोलीवरून सुकी मासळी आणली आणि व्हिनेगरमध्ये बुडवून खायला बसला. मामी नाकाला पदर लावून बाहेर आली, बघते तर सुकी मासळीच, अगदी आपल्या अंगणात वाळते तशी. म्हणाली, "अरे, हा तर आपल्यातलाच निघाला." त्या दिवसापासून त्याच्यासाठी सुकटीची चटणी वेगळी निघू लागली. अट एकच, डुकराचं नाव या घरात काढायचं नाही.

रोमीकडून मी जे ऐकलं ते सनाच्या चाळीस पानांत आहे, पण तिथे ते फार धुतलेलं आहे. रोमी मनिलाच्या थेटरात मशीन चालवायचा. तो सांगायचा, तिकडे अशा पिक्चरांची एकदम लाट आली, लोकांनी त्यांना नाव दिलं बॉम्ब. सरकारी तपासनिसाला एक पिक्चर दाखवायचं, सभ्य. शिक्का मिळाला की थेटराचा मालक बिस्किटाच्या डब्यातून वीतभर लांबीचे तुकडे काढी आणि रोमीला म्हणे, चिकटव. बाई जिना चढतेय, दार उघडतेय, आणि मधेच घुसवलेला तुकडा. त्या तुकड्यातली बाई दुसरीच. कधी कधी तर दुसऱ्या देशाची, गोरीपान. जिना चढताना सावळी, खोलीत गेल्यावर गोरी! आणि समोर बसलेल्या हजार माणसांपैकी एकालाही फरक कळत नसे. दारावर तपासनीस दिसला की खालून घंटी वाजे, रोमी तो तुकडा वगळून पुढे जाई. मग सरकारने कडक कायदा केला, अंग दाखवायचं नाही. मग काय केलं त्या कलावंतांनी? बायांना पांढरे झगे घालून पाण्यात उभं केलं. नदीत, विहिरीवर, पावसात. कायद्यात दिसायला बंदी होती, भिजायला नव्हती. सनाच्या पानावर याला 'वेट लुक पीरियड' म्हटलंय, खाली निळी रेघ. पुढे म्हणे सात-सात दिवसांत पिक्चर उरकायचा धंदा निघाला. सात दिवसांत आमच्याकडे घराला गिलावा होत नाही. आणि हे सगळं आता पुसून, चकचकीत करून परदेशात दाखवतात, आणि चष्मेवाले लोक टाळ्या वाजवतात.

आता तेरेसा. नाव मी बदललंय. रोमीच्याच देशातली. हॉस्पिटलात साफसफाईच्या कंपनीकडून कामाला होती. मामीच्या पहिल्या बाळंतपणात मामू दुकान सोडून आला नाही, तेव्हा ही बाई आपली कामाची पाळी संपल्यावर मामीचा हात धरून बसली होती. एकीला दुसरीची भाषा येत नव्हती. मूल राहिलं नाही. मामी घरी आली ती तेरेसाचं नाव घेऊनच. मग दर जुम्म्याला तेरेसा मागच्या दाराने यायची, बांगड्याचं सालन आणि भाकरी खायची, आणि दोघी न बोलता तास तास बसायच्या. मामी तिला डब्यात काहीतरी देई. आपल्याकडे डबा रिकामा परत देत नाहीत, हे तिला कुणी सांगितलं नव्हतं, पण तिचा डबा कधी रिकामा आला नाही. गुळाचा, नारळाच्या दुधातला चिकट भात ती आणायची. मामी म्हणायची, आपल्या सांदणाची बहीण आहे.

मी तिला मागच्या दारात पाठमोरी किंवा पडद्याआडून, अशीच बघितली होती. बायकांच्या खोलीत मी कशाला डोकावू?

माझी एक गोष्ट सांगायला हवी, ती फुशारकी म्हणून समजा, मला हरकत नाही. मला कॅसेटवरचं इंग्रजी नाव वाचता येत नसे. पण एकदा बघितलेला चेहरा मी विसरत नसे. नायक-नायिका सोडा, मागे टांग्यात बसलेला, लग्नात पंगतीला बसलेला माणूससुद्धा. कुठल्या कॅसेटीत, आणि मशीनच्या काउंटरच्या आकड्यावर कितव्या नंबरला, तेही सांगत असे. बारावी शिकलेल्यांना हे जमत नव्हतं. मला त्याचा गर्व होता. का नसावा? दुसरं काय होतं माझ्याकडे?

एका जुम्म्याला दुपारी दुकान उघडलं आणि कामगारांच्या कॅम्पातली माणसं भरली. त्यांत तेरेसाच्या कंपनीचा सुपरवायझर. आपल्याकडचाच, रायगडचा. नाव लिहीत नाही, त्याची मुलं आता मोठ्या हुद्द्यावर आहेत. निळ्या पट्टीचं सगळ्यात जुनं गिऱ्हाईक तोच. त्याने एक कॅसेट माझ्या नाकापुढे नाचवली.

"वाच बघू यावरचं नाव. अरे, नाव वाचता येत नाही आणि काउंटरवर उभा!"

"नाव तुम्ही वाचा," मी म्हटलं. "तुमचं शिक्षण वाया जायला नको. मला चेहरा दाखवा."

झालं. पोस्टरं आणली, नावांवर हात ठेवला, एकेक पुढे केलं. मी सांगत गेलो. सात, आठ, नऊ, एकही चुकलं नाही. गुल खान म्हणून एक पठाण टॅक्सीवाला होता, तो काउंटरवर थाप मारून ओरडला, "वाह रे मेरे कॉम्प्युटर!" माझी छाती अशी फुगली की शर्टाचं बटण तुटेल. तेवढ्यात पुढचं दार उघडलं. तेरेसा. मागची गल्ली खणून ठेवली होती म्हणून पुढून आली होती. हातात मामीचा डबा. गुल खान हसत म्हणाला, "अच्छा उस्ताद, अब इसको बता. ये कौनसे कॅसेट में है?"

त्याने गंमत केली होती. आणि मी बघितलं, आणि तोंडातून गेलं.

"मागची फळी, निळी पट्टी. काउंटर सहाशे चाळीस."

मग एक जण हसला, मग सगळे. तेरेसाला हिंदी फारसं येत नव्हतं, पण मागच्या फळीकडे वळलेली वीस डोकी आणि मग तिच्याकडे वळलेले चाळीस डोळे कळायला भाषा लागत नाही. तिने डबा काउंटरवर ठेवला आणि आत न जाता निघून गेली. रोमी मशीनपाशी उभा होता. त्याचं हसू गेलं ते मी त्या दिवशी पहिल्यांदा बघितलं. आणि मामू? मामू माझ्या कानाशी येऊन म्हणाला, "शाब्बास. त्याच्या दहा कॉप्या काढून ठेव."

दोन दिवसांनी तेरेसा खणलेल्या गल्लीतून, चिखलाने भरलेल्या चपलांनी मागच्या दाराने आली. मी मशीनच्या खोलीत होतो, दार लोटलेलं. मामीने रोमीला बोलावलं, दुभाष्या म्हणून. सुपरवायझरने तिला सांगितलं होतं, एकतर माझ्या खोलीवर चहाला ये, नाहीतर येत्या जुम्म्याला ऑफिसच्या माणसाला घेऊन दुकानात जातो, कॅसेट दाखवतो. व्हिसा कॅन्सल, तिकीट हातात, खलास. गावाकडे तिची आई आणि दोन भाऊ तिच्या पगारावर होते. रोमी सांगत होता आणि मधेच थांबत होता. ती गेल्यावर मामीने मला जेवायला वाढलं. ताट हाताने दिलं नाही, जमिनीवरून सरकवलं.

"मामी, मी मुद्दाम..."

"मुद्दाम नाही. मुद्दाम करायला अक्कल लागते. तुझी सगळी अक्कल डोळ्यांत, तोंडात एक थेंब नाही. तोंडाने सांडलंस ना? आता तोंडानेच भर."

मी हट्टी माणूस. माझं चुकलं हे मी बापाला म्हटलं नव्हतं, नंतर बायकोलाही म्हटलं नाही. पण त्या दिवशी भरलेलं ताट तसंच मोरीवर नेऊन ठेवलं.

दुपारी मामू नमाजाला गेल्यावर रोमीने ती कॅसेट काढली; मामूने सांगितलेल्या दहा कॉप्या आम्ही अजून काढल्या नव्हत्या. स्क्रू सोडवले. म्हणाला, "हसन, फेस उसका. बॉडी उसका नहीं." मला आधी कळेना. मग त्याने सांगितलं. तेरेसा गावाहून मनिलाला आली तेव्हा तेवीस वर्षांची होती. एक दिवसाचं काम मिळालं, नदीत उभं राहून कपडे धुवायचे, सात बाया, जेवण फुकट. ती डावीकडून तिसरी. कुणाचं तरी कुत्रं साबण घेऊन पळालं म्हणून ती हसली, आणि कॅमेरावाल्याने ते हसू टिपलं. बस, एवढंच तिचं. त्या हसण्यानंतरचं जे सगळ्यांनी बघितलं ते दुसऱ्याच पिक्चरातलं, दुसऱ्याच बाईचं. तुकडा थेटरात चिकटवला होता. "किसने चिपकाया?" मी विचारलं. रोमीने आपले दोन्ही हात वर केले, पोलिसाने बंदूक रोखल्यासारखे.

"मग हेच सांगू या सगळ्यांना!"

"कौन सुनेगा? बोलेगा, अच्छा, तो फेस फिर से दिखा."

खरं होतं. त्या कुत्र्यांना खरं-खोटं नकोच होतं. मनिलाहून आणलेली एक छोटी कात्री त्याच्याकडे होती, तिनेच त्याने ती पट्टी बोटाएवढ्या तुकड्यांत कापली. मी तुकडे जुन्या वर्तमानपत्रात बांधले. मामूला सांगितलं, गिऱ्हाईक घेऊन गेलं, परत आलं नाही. त्याने मला चार शिव्या दिल्या आणि मणी ओढायला लागला.

जुम्म्याला सुपरवायझर आला तो ऑफिसचा कारकून घेऊन. इजिप्तचा, जाडा, घामाघूम, त्याला जेवून झोपायचं होतं. तोच घोळका, शिवाय चार नवे. कॅसेट नाही म्हटल्यावर सुपरवायझर हसला. "नसू दे. साक्षीदार आहे ना. हा पोरगा कधी चुकत नाही, विचारा कुणालाही." आणि तेरेसाच्या कामाच्या कार्डावरचा फोटो त्याने माझ्यापुढे धरला.

"सांग, ही कुठल्या कॅसेटीत आहे?"

मी फोटो हातात घेतला. जवळ धरला, लांब धरला.

"ही? ही त्या कराटेच्या पिक्चरातली. व्हिलनची बहीण."

"नीट बघ!"

"मग लग्नाच्या पिक्चरातली असेल. नवरीची आई."

कुणीतरी फिसकन हसलं. सुपरवायझर लाल झाला. त्याने भिंतीवरचं पोस्टर दाखवलं, ज्या नायकाला रस्त्यावरचं शेंबडं पोर ओळखेल त्याचं. मी दुसऱ्याचं नाव घेतलं. आणखी एक दाखवलं, तिथे बाईला बाप्या म्हटलं. वाचणाऱ्याला यात गंमत वाटेल. मला विचाराल तर एकेक उत्तर म्हणजे आपल्या हाताने दाढ उपटण्यासारखं होतं. जीभ खऱ्या नावाकडे धावायची आणि मी तिला मागे ओढायचो. समोर तीच माणसं, आठवड्यापूर्वी वाह वाह करणारी, आता पोट धरून हसत होती. गुल खान म्हणाला, "अरे, ये तो अंधा निकला! पिछले हफ्ते तुक्का मारा था साले ने."

"मुद्दाम करतोय हा!" सुपरवायझर ओरडला. कारकुनाने कंटाळून खिशातून स्वतःचं कार्ड काढलं, फोटो माझ्यापुढे धरला आणि विचारलं, हा कोण? फोटोवाला माझ्यापुढे हातभर अंतरावर घाम पुसत उभा होता.

मी निरखून बघितलं. "नाक्यावरच्या हॉटेलातला बावर्ची," म्हटलं.

दुकान फुटलं हसून. कारकून आधी चिडला, मग त्यालाही हसू आलं. कपाळाला बोट लावून तो माझ्याकडे बघत म्हणाला, "मजनून." वेडा. मग एकदम सुपरवायझरकडे वळला आणि मोडक्या हिंदीत विचारलं, "ये लडका अंधा. कॅसेट नहीं. तो तुमको कैसे मालूम अंदर क्या है? तुम देखा? कितना बार देखा?"

सुपरवायझरने मामूकडे बघितलं. मामूने मण्यांकडे बघितलं. गुल खान म्हणाला, "बोलो साहब, छह सौ चालीस तक देखा कि आगे भी?" कारकून "यल्ला, खलास", चला, संपलं, म्हणत बाहेर पडला आणि सुपरवायझर त्याच्या मागे, धावत.

तेरेसाची नोकरी राहिली. मामूने मात्र मला काउंटरवरून काढलं, असला आंधळा गिऱ्हाइकापुढे कशाला? महिन्याभरात अल ऐनला एका किराणा दुकानात पोती उचलायला धाडलं. नावही माझ्या आधी तिथे पोचलं, आंधळा हसन. वर्षानुवर्षं तेच. माझ्या लग्नाच्या वेळी मुलीच्या बापाने मला अंगणात उभं करून विचारलं, लांबची ती बोट कुठल्या रंगाची दिसते? एकदाही कुणाला सांगितलं नाही की त्या दिवशी मी सगळे ओळखले होते. अल ऐनला निघालो त्या सकाळी मामीने एक डबा दिला. तेरेसाने माझ्यासाठी ठेवलेला. आत सुकी मासळी होती, आमची की त्यांची, वासावरून मला कळलं नाही.

परवा सनाने लॅपटॉप माझ्यापुढे सरकवला. एक फोटो. नदी, पांढरे झगे, सात बाया, हातांत कपडे. "दादा, धिस वन इज व्हेरी रेअर. डू यू रेकग्नाइझ एनीवन?"

मी चष्मा काढला, पुसला, लावला. डावीकडून तिसरी. चौकटीच्या बाहेर कुठेतरी बघून हसत होती. त्यात कुत्रं दिसत नाही.

"नाही," म्हटलं. "मला चेहरे लक्षात राहत नाहीत."

"नॉट इव्हन वन?"

"नाही म्हटलं ना."

तिने खांदे उडवले आणि फोटोखाली काहीतरी टाईप केलं. काय लिहिलंस, विचारलं. तर तिच्या तोडक्या मराठीत म्हणाली, "या बायकांचा नाव कोणाला माहीत नाही, असा लिहिला."

चाळीस पानांत पोरीने तेवढं एक धड लिहिलंय. म्हटलं, तसंच राहू दे.